लीकचं सूप दर वेळी चिकट का होतं, आणि क्रीम घातल्यावर का फाटतं

ब्लेंडर बंद करून पळी वर उचलली की सूप सरसर ओघळायला हवं. ते तार धरून लोंबायला लागलं, तर चवीला कितीही चांगलं असलं तरी तोंडात गोळा फिरत राहतो. लीक (कांद्याच्या पातीसारखी, पण बरीच जाड भाजी) आणि बटाट्याच्या सूपबद्दलची ही सगळ्यांत जुनी तक्रार. तिच्या खालोखाल क्रीम घातल्यावर फाटणं, मग दाताखाली येणारे दोरे, कचकच, राखाडी रंग, आणि सगळं नीट जमूनही मिळमिळीत लागणं.

यातल्या निम्म्या तक्रारींच्या मुळाशी एकच गोष्ट आहे असं माझं मत आहे. सूपचा दाटपणा वेगळा आणि मऊपणा वेगळा, पण आपण दोन्ही बटाट्याकडूनच वसूल करायला जातो. पातळ वाटलं की आणखी एक बटाटा घालायचा, खरबरीत वाटलं की आणखी दोन मिनिटं ब्लेंडर फिरवायचा. यानं सूप घट्ट होत जातं, मऊ होत नाही. मऊपणा येतो तो मनसोक्त परतलेल्या लीकमधून आणि लोणी-क्रीममधल्या स्निग्धांशातून. बटाट्याचं काम फक्त अंग धरून ठेवायचं.

पुढचं सगळं बोलणं एकाच मापावर चालावं म्हणून चौघांचं माप सांगून ठेवतो: साफ करून चिरलेलं लीक ५०० ग्रॅम, सोललेला बटाटा २५० ग्रॅम, लोणी ४० ग्रॅम, भाज्यांचा किंवा चिकनचा स्टॉक ९०० मिलिलिटर, ३५ टक्के फॅटचं क्रीम १०० मिलिलिटर, एक तमालपत्र, मीठ आणि पांढरी मिरी. ५०० ग्रॅम साफ लीक म्हणजे आणताना जवळपास किलोभर, कारण मुळं, बाहेरचं जाड पान आणि गडद हिरवा शेंडा काढला की निम्मंच हातात उरतं. पाककृतीत नुसतं ‘तीन लीक’ लिहिलेलं असतं, ते फसवं आहे. एक लीक दीडशे ग्रॅमचं निघतं, दुसरं चारशेचं. तीन बारकी लीक आणि तीन थोराड बटाटे घेतले की लीकचा नुसता वास उरतो. फ्रेंच पद्धतीच्या ‘पोताज पार्मांतिए’मध्ये दोन्ही साधारण समसमान घेतात खरं, पण त्या सूपला नावच मुळी आंत्वान पार्मांतिएचं, म्हणजे अठराव्या शतकात फ्रान्सभर बटाट्याचा प्रचार करणाऱ्या माणसाचं आहे. तिथं बटाटा नायक आहे. लीकचं सूप हवं असेल तर बटाटा लीकच्या निम्माच ठेवा.

सूप चिकट, ताराळ झालंय

बटाट्यातला स्टार्च पेशींच्या आत कणांच्या रूपात बंद असतो. साधारण ६० ते ७० अंश सेल्सिअसला हे कण पाणी पिऊन फुगतात. तोवर काहीच बिघडत नाही, कारण फुगलेला कण अजून पेशीच्या आतच आहे. बटाटा शिजला की पेशी एकमेकींपासून सुट्या होतात, पण बहुतेक शाबूत राहतात. हातानं कुस्करलेला बटाटा भुसभुशीत लागतो तो त्यामुळेच. ब्लेंडरचं पातं मात्र पेशी कापत जातं, फुगलेले कण फोडतं आणि आतला सगळा स्टार्च सूपमध्ये मोकळा करतं. मग तयार होते ती खळ. कागद चिकटवायच्या खळीत आणि या सूपमध्ये फरक राहतो तो मीठ-मिऱ्याचा.

म्हणजे गुन्हेगार नुसता बटाटा नाही. किती वेळ, किती जोरात आणि किती कमी पाण्यात तो फिरवला, यावर सगळं ठरतं. मिक्सरच्या भांड्यात बटाटे जास्त आणि पाणी कमी असेल तर अर्ध्या मिनिटातही तार धरते.

खात्रीचा उपाय म्हणजे लीक आणि बटाटा वेगवेगळे वाटणं. लीक कांद्याच्या कुळातलं. या कुळातल्या भाज्या आपली साठवण स्टार्चच्या रूपात करत नाहीत, फ्रुक्टन नावाच्या साखरेच्या साखळ्यांच्या रूपात करतात. त्यामुळे शिजलेलं लीक स्टॉकबरोबर तुम्ही तीन-चार मिनिटं फिरवलंत तरी ते चिकट होत नाही, उलट जितकं फिरवाल तितकं रेशमी होत जातं. शिवाय लीकच्या पानांत स्वतःचा एक बुळबुळीत रस असतो (हिरवट भाग चिरताना सुरीला लागतो तोच), तो शिजल्यावर सूपला अंगचा दाटपणा देतो. तेव्हा सूप शिजलं की झाऱ्यानं बटाट्याचे तुकडे वेगळे काढा, उरलेलं लीक आणि स्टॉक हवं तितकं वाटा. बटाटे पुरणयंत्रातून किंवा बारीक चाळणीवर पळीनं दाबून काढा आणि वाटलेल्या लीकमध्ये हातानं, विस्कनं मिसळा. एक जास्तीचं भांडं घासावं लागतं, एवढीच काय ती किंमत.

एवढा खटाटोप नको असेल तर हँड ब्लेंडर पातेल्यातच धरून थांबत-थांबत, एक-दोन सेकंदांचे झटके द्या. सात-आठ झटक्यांनंतर थांबा आणि बघा. पळीच्या पाठीवर बारीक दाणे दिसत असतील तर तिथंच थांबायचं. ते दाणे म्हणजे सुट्या झालेल्या बटाट्याच्या पेशी, जिभेवर विरघळतात. ते दाणे घालवायच्या नादातच सूप हातचं जातं.

बटाटा कुठला, यानेही फरक पडतो. उकडलेल्या बटाट्याचा तुकडा काट्यानं दाबून बघा. पिठूळ असेल तर त्याचा भुगा होतो, मेणचट असेल तर चपटा होऊन एकसंध राहतो. वाटायच्या सूपला पिठूळच हवा. मेणचट बटाट्यात स्टार्च कमी, तेव्हा तो बरा, असं वाटतं खरं. पण तो सहजासहजी मोडत नाही, म्हणून ब्लेंडर जास्त फिरवला जातो आणि शेवटी खळच होते. मेणचट बटाटा तुकड्यांच्या सूपसाठी ठेवा, तिथं तो आकार धरून राहतो.

आता झालंच आहे चिकट, तर काय? खरं सांगायचं तर मोकळा झालेला स्टार्च पेशीत परत घालता येत नाही. पण जेवण वाचवता येतं. गरम स्टॉक थोडा-थोडा घालत विस्कनं सैल करा. ब्लेंडरला पुन्हा हात लावायचा नाही. २०० ते ३०० मिलिलिटर स्टॉक सहज मावतो. सूप त्यानं चवीला पातळ होईल, म्हणून दुसऱ्या भांड्यात आणखी एक-दोन लीक लोण्यात मऊ परतून तशीच, न वाटता त्यात सोडा. चावायला काही आलं की जिभेचं लक्ष चिकटपणावरून उडतं. चीज मात्र घालू नका. आधीच तार धरलेल्या सूपला दुसरी तार कशाला?

लीक उग्र लागतंय, किंवा कडवट

हे दोन दोष एकमेकांच्या उलट बाजूचे आहेत. उग्रपणा कमी परतल्यानं येतो, कडवटपणा जास्त आचेनं. दोन्ही टाळायचे तर परतण्याला १५ ते २० मिनिटं द्यावीच लागतात, आणि इथंच बहुतेक जण घाई करतात. माझ्या दृष्टीनं या सूपमधली सगळ्यांत महत्त्वाची पायरी ब्लेंडरची नाही, ही आहे.

जाड बुडाचं पातेलं, मंद आच, लोणी. लोणी वितळून फेस बसला की चिरलेलं लीक आणि अर्धा चमचा मीठ घाला, नीट हलवा, झाकण ठेवा. मिठानं लीक आपलं पाणी सोडतं आणि त्या पाण्यातच वाफवलं जातं. सुरुवातीला पातेलं काठोकाठ भरलेलं दिसतं, पाचेक मिनिटांत ते खाली बसायला लागतं. दर तीन-चार मिनिटांनी झाकण काढून तळापासून हलवा. आवाज ऐका: हलकी फुसफुस चालू असली पाहिजे. चरचर ऐकू आली तर पाणी संपलंय. दोन चमचे पाणी शिंपडा आणि आच कमी करा. चकत्यांचा पांढरेपणा जाऊन त्या पारदर्शक होतात, कडी एकमेकींतून सुटतात, आणि सगळा ऐवज मूळच्या तिसऱ्या हिश्श्यावर येतो. एक चकती गार करून बोटांच्या चिमटीत दाबा. ती करकरली तर अजून वेळ आहे. न तुटता घसरली, तरी थांबा. दाबल्याबरोबर लगदा झाला की मग बटाटा आणि स्टॉक घालायचा. उग्र वास तोपर्यंत गेलेला असतो आणि पातेल्यातून गोडसर वास यायला लागतो.

कडेनं तपकिरी झालेल्या चकत्या दिसल्या तर घाबरू नका, पण त्या वेचून काढा. कांदा तांबूस केला की गोड लागतो, म्हणून लीकही तसंच करावं असं वाटतं. लीकची पानं पातळ असतात, टोकं चटकन जळतात, आणि ती जळकी चव वाटल्यावर सगळ्या सूपभर पसरते. लसूण घालत असाल तर तो शेवटच्या दोन मिनिटांत घाला. कडवटपणा थोडासा असेल तर थोडं जास्त क्रीम आणि चिमूटभर साखर त्याला झाकते. जळका वास येत असेल तर काही झाकत नाही. ते लीक टाकून नवं घेणं स्वस्त पडतं, स्टॉक ओतायच्या आधी.

क्रीम घातलं आणि फाटलं

आधी नेमकं काय झालंय ते ओळखा. सूपमध्ये बारीक पांढरे दाणे दिसत असतील तर दुधातलं प्रथिन साकळलंय. दाणे नाहीत, पण वर पिवळसर तवंग आलाय, तर स्निग्धांश सुटलाय. दोन्हींची कारणं वेगळी, उपायही वेगळे.

दाणे होण्यामागे आंबटपणा आणि उष्णता यांची जोडी असते. दुधातलं केसीन हे प्रथिन खोलीच्या तापमानाला ४.६ च्या आसपास पीएचला साकळतं. दूध तापलेलं असेल तर त्याहून कमी आंबटपणाही पुरतो. सूपमध्ये व्हाइट वाइन घातली असेल, लिंबू पिळलं असेल आणि वरून कमी फॅटचं क्रीम किंवा नुसतं दूध उकळत्या सूपमध्ये ओतलं, तर फाटलं नाही तरच नवल. ३५ टक्क्यांच्या क्रीममध्ये स्निग्धांश भरपूर आणि प्रथिन थोडं, म्हणून ते एखाद्या उकळीलाही टिकतं. १८-२० टक्क्यांचं आंबट क्रीम टिकत नाही, दही तर अजिबात नाही. ‘लाइट’ म्हणून घेतलेलं क्रीम इथं दगा देतं. कॅलरी कमी करायच्या असतील तर जाड क्रीम निम्म्या मापानं घाला, हलकं क्रीम दुप्पट घालण्यापेक्षा.

करायचं असं: सूप वाटून झालं की आच बंद करा, दोन मिनिटं थांबा. क्रीम फ्रिजमधून आधीच बाहेर काढून ठेवलेलं असावं. त्यात एक ओगराळं गरम सूप घालून हलवा, मग ते मिश्रण हळूहळू पातेल्यात. पुन्हा गरम करायचं तर कडेनं वाफ निघेपर्यंतच, बुडबुडे येऊ द्यायचे नाहीत. लिंबू किंवा व्हिनेगर हवं असेल तर ते वाढताना वाडग्यात. दहीच घालायचं असेल तर त्यात आधी चमचाभर कॉर्नफ्लोअर फेटून घ्या; स्टार्च प्रथिनाच्या कणांना एकमेकांना चिकटू देत नाही. याच कारणानं बटाट्याचं सूप नुसत्या पातळ सूपपेक्षा कमी फाटतं.

वाइनबद्दल आणखी एक. ती बटाट्याबरोबर किंवा बटाट्याआधी भरपूर घातली आणि बटाटा तासभर उकळूनही कडकच राहिला, तर गॅसचा दोष नाही. पेशींना धरून ठेवणारं पेक्टिन आंबट पाण्यात नीट विरघळत नाही, त्यामुळे बटाटा शिजल्यासारखा दिसतो पण मधे कचकचीत राहतो. मग तो मऊ करायला ब्लेंडर जास्त फिरतो, आणि आपण पुन्हा पहिल्या तक्रारीवर. वाइन घालायचीच तर १०० मिलिलिटरच्या आत, परतलेल्या लीकवर, आणि ती जवळपास आटेपर्यंत थांबून मग स्टॉक. किंवा बटाटा वेगळा शिजवून घ्या.

दाणे झालेच तर सूप बारीक गाळणीतून गाळा. दाणे अगदी बारीक असतील आणि बटाटा तुम्ही वेगळा काढून ठेवलेला असेल, तर ब्लेंडरनं ते दिसेनासे होतात. बटाटा सूपमध्येच असेल तर गाळणीच बरी. तवंग आला असेल तर पातेलं आचेवरून उतरवा, दोन चमचे थंड क्रीम घालून विस्कनं जोरात घोटा; बहुतेक वेळा तवंग परत सामावतो. नाहीच सामावला तर वरचं लोणी चमच्यानं काढून टाका, पुढच्या वेळी लोणी तीस ग्रॅमवर आणा.

दोरे आणि कचकच

दोरे येतात तीन कारणांनी: लीक लांबट चिरलं, गडद हिरवी पानं सूपमध्ये घातली, किंवा लीक जून होतं. लीकचे तंतू पानाच्या लांबीनं धावतात, म्हणून चकत्या आडव्या आणि अर्ध्या सेंटिमीटरपेक्षा जाड नको. उभं कापून बोटभर लांबीचे तुकडे केले तर ब्लेंडरच्या पात्याला दोरे गुंडाळले जातात. चिरताना मधोमध एक कडक, गोल, पिवळसर दांडा लागला तर तो फुलाचा दांडा. तो कितीही शिजवला तरी शिजत नाही. लीक उभं फाडून तो ओढून काढा, बाकीचं वापरा. सूप झाल्यावर दोरे जाणवले तर गाळण्याशिवाय इलाज नाही, पण गाळणीत राहिलेला चोथा पळीनं दाबून शेवटचा रस काढायला विसरू नका, चव तिथंच असते.

कचकच म्हणजे माती. लीकचा पांढरा भाग पांढरा राहावा म्हणून शेतात त्याच्याभोवती माती चढवतात, आणि ती पानांच्या पदरांत शिरून बसते. बाहेरून नळाखाली धुवून ती जात नाही. आधी चिरा, मग मोठ्या पातेल्यात भरपूर पाण्यात चकत्या सोडा, हातानं ढवळून कडी सुटी करा आणि पाच मिनिटं हलवू नका. माती खाली बसते, लीक वर तरंगतं. लीक हातानं वरून उचलून घ्यायचं. पातेलं चाळणीत उपडं केलंत तर खालची माती पुन्हा लीकवरच येईल. तळाला माती दिसेनाशी होईपर्यंत पाणी बदला. सूप झाल्यावर कचकच कळली तर सूप दहा मिनिटं न हलवता ठेवा, वरचं हलकेच दुसऱ्या पातेल्यात ओतून घ्या आणि तळाचा पेलाभर सोडून द्या. दाट सूपमध्ये माती नीट खाली बसत नाही, तेव्हा हे फार भरवशाचं नाही.

रंग राखाडी-शेवाळी झाला

चवीला काही होत नाही, पण दिसायला वाईट. हिरव्या भागातलं हरितद्रव्य जास्त वेळ शिजलं की त्यातला मॅग्नेशियम निघून जातो आणि रंग शेवाळी होतो; आंबटपणा असेल तर आणखी लवकर. हस्तिदंती रंग हवा असेल तर फक्त पांढरा आणि फिकट हिरवा भाग घ्या. हिरवं सूप हवं असेल तर कोवळी हिरवी पानं बारीक चिरून मिठाच्या उकळत्या पाण्यात दोन मिनिटं शिजवा, लगेच बर्फाच्या पाण्यात घाला, आणि अगदी शेवटी लीकबरोबर वाटा. अशा सूपवर झाकण ठेवून ते तासभर गरम ठेवू नका.

गडद शेंडे फेकायचे नाहीत. धुवून, मोठे तुकडे करून, तमालपत्र आणि चार मिऱ्यांबरोबर अर्धा तास मंद उकळा, गाळा. झाला याच सूपचा स्टॉक. तासा-दीड तासानंतर तो उग्र व्हायला लागतो, तेव्हा जास्त वेळ ठेवण्यात फायदा नाही.

पाणचट झालंय, किंवा मिळमिळीत

पाणचट सूपला पीठ लावायची घाई नको. स्टॉक सगळा एकदम ओतला जातो, हेच बहुतेक वेळा कारण असतं. लीक-बटाट्यावर जेमतेम बोटभर चढेल एवढाच स्टॉक आधी घाला, बाकीचा वाटल्यावर, लागेल तसा. आधीच पातळ झालं असेल तर क्रीम घालण्यापूर्वी झाकण काढून दहा-पंधरा मिनिटं आळू द्या. तेवढ्यानं भागलं नाही तर शिजवलेला पांढरा राजमा मूठभर घेऊन थोड्या सूपबरोबर वाटून मिसळा. कडधान्यातला स्टार्चही पेशींच्या आतच असतो, पण त्या पेशींच्या भिंती चिवट असतात, त्यामुळे वाटूनही चिकटपणा येत नाही. फ्लॉवरही चालतो, पण त्याची चव लपत नाही. पोटभरीचं सूप हवं असेल तर मला सगळ्यांत आवडतं ते साधंच: चौथा हिस्सा लीक आणि सेंटिमीटरभराचे मेणचट बटाट्याचे तुकडे वेगळे शिजवून, न वाटता, शेवटी सोडायचे. सातू (बार्लीचे दाणे) घालणार असाल तर वेगळे शिजवून घ्या. सूपमध्ये कच्चे टाकले तर ते सूपच पिऊन टाकतात.

मिळमिळीतपणाचा पहिला संशय मिठावर घ्या. बटाटा आणि क्रीम दोन्ही मिठाची धार बोथट करतात. तयार सूपच्या वजनाच्या साधारण एक टक्का मीठ लागतं, म्हणजे आपल्या मापाला १४-१५ ग्रॅम. स्टॉक क्यूबचा असेल तर त्यातलं मीठ याच हिशेबात धरा. मीठ पुरेसं असूनही चव सपाट वाटली तर वाडग्यात लिंबाचे तीन-चार थेंब. आंबट लागता कामा नये, फक्त लीक पुढे यायला हवं. जायफळ चाकूच्या टोकावर मावेल एवढंच. त्यापेक्षा जास्त झालं की खीर आठवते.

मिक्सरच्या भांड्यात गरम सूप

गरम सूप मिक्सरमध्ये फिरवलं की वाफ एकदम वाढते आणि झाकण उडतं. भांडं एक तृतीयांशच भरा, झाकणातली मधली टोपी काढा, वर जाड फडकं धरून कमी वेगानं सुरू करा. हवाबंद झाकणाच्या छोट्या भांड्यात गरम सूप घालायचंच नाही.

उरलेलं सूप दुसऱ्या दिवशी घट्ट गोळा झालं

हा बिघाड नाही. थंड होताना स्टार्चच्या साखळ्या पुन्हा एकमेकींजवळ येऊन जाळं विणतात आणि सूप घट्ट बसतं. थोडा स्टॉक घालून मंद आचेवर, हलवत गरम करा. थंडच खायचं असेल तर ते मुद्दाम जास्त पातळ करा आणि मीठ वाढवा, कारण गार पदार्थात चव कमी जाणवते. गार वाढायच्या याच सूपला विशिस्वाज म्हणतात. न्यूयॉर्कच्या रिट्झ-कार्लटन हॉटेलचे शेफ लुई दिआ यांनी ते १९१७ साली आणलं, असं सांगितलं जातं.

सूप शिजल्यापासून दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये गेलं पाहिजे, आणि मोठ्या पातेल्यात तसंच न ठेवता उथळ डब्यांत, म्हणजे लवकर गार होतं. तीन दिवस चांगलं राहतं. गोठवायचं असेल तर क्रीम घालण्याआधीच गोठवा. क्रीमसकट गोठवलेलं सूप वितळल्यावर पाणी सोडतं. बटाटाही गोठल्यावर थोडा रवाळ होतो, पण वितळवून, मंद गरम करून विस्कनं घोटलं की बराचसा सावरतो. क्रीम तेव्हा घाला. घरात कुत्रा किंवा मांजर असेल तर उरलेलं सूप त्यांच्या भांड्यात ओतू नका, लीक त्यांना कांद्या-लसणासारखंच विषारी असतं.